सुगंधी तेल सांडल्यावर घरात राहिलेला वास: कोणता उपाय कोठे उपयोगी पडतो

गेल्या पावसाळ्यात डासांसाठी आणलेली सिट्रोनेला तेलाची ३० मिलीलिटरची बाटली आमच्या झोपण्याच्या खोलीत कपाटावरून पडून फुटली. आम्ही काचा गोळा केल्या, ओल्या फडक्याने फरशी दोनदा पुसली, पंखा मोठा केला आणि संध्याकाळपर्यंत वास जाईल असे धरून चाललो. तो वास त्या खोलीत सव्वा महिना राहिला. आईला दम्याचा त्रास असल्याने पहिले पंधरा दिवस तिला धाकट्या भावाच्या घरी पाठवावे लागले. या काळात शेजारीपाजारी, नातेवाईक आणि दुकानदार यांनी सुचवलेले जवळजवळ सर्व उपाय आम्ही करून पाहिले. त्यांतील काही लगेच उपयोगी पडले, काहींमुळे वास वाढला आणि काहींवर खर्च झाला तरी फरक पडला नाही. ज्यांच्या घरी आज असेच काही घडले आहे आणि ज्यांना सोडा, व्हिनेगर, कोळशाच्या पिशव्या, एअर प्युरिफायर आणि ओझोनचे यंत्र यांतून निवड करायची आहे, त्यांच्यासाठी ही तुलना लिहीत आहे.

आधी प्रमाणाचा अंदाज घ्यावा. सुगंधी तेलाचा एक थेंब साधारण ०.०५ मिलीलिटरचा असतो, म्हणजे ३० मिलीलिटरच्या बाटलीत सुमारे ६०० थेंब मावतात. डिफ्यूझरमध्ये एका वेळी चार-पाच थेंब पुरतात. बाटली फुटणे म्हणजे सव्वाशे दिवसांचा सुगंध एकाच खोलीत, एकाच वेळी ओतला जाणे होय. त्यामुळे अगरबत्तीचा किंवा फोडणीचा वास जसा खिडकी उघडताच जातो, तसा हा वास जाईल अशी अपेक्षा मुळातच चुकीची ठरते.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे आणि पुढील सर्व तुलना तिच्यावरच उभी आहे. नाकाला वास हवेतून येत असला, तरी तेल हवेत नसते. ते फरशीवर थेंबांच्या रूपात असते, भिंतीच्या आणि फर्निचरच्या पृष्ठभागावर पातळ थराच्या रूपात असते, किंवा गादी, प्लायवूड, सिमेंटचे सांधे, पडदे यांच्या आत मुरलेले असते. हवेतला वास हा या साठ्यातून सतत होणारा झिरपा आहे. खोलीतली सगळी हवा बदलली तरी तासाभरात साठा ती पुन्हा भरून काढतो. बाजारात मिळणारे बहुतेक उपाय हवेवर काम करतात, म्हणूनच ते पहिल्या दिवशी गुणकारी वाटतात आणि दुसऱ्या दिवशी निष्फळ ठरतात. उपाय निवडण्यापूर्वी तेल या तीनपैकी कोठे आहे, हे ठरवणे हाच खरा निर्णय आहे.

तेल कोणते, यावरही बरेच अवलंबून

सर्व तेले सारख्या वेगाने उडत नाहीत. संत्रे आणि लिंबू यांच्या सालीच्या तेलातील लिमोनीन किंवा निलगिरीतील सिनिओल हे घटक लवकर उडून जातात. पृष्ठभाग साफ केला आणि वारा खेळता राहिला, तर ही तेले काही दिवसांत सुटतात. सिट्रोनेला, गवती चहा आणि लॅव्हेंडर ही मधल्या गटातील तेले आहेत. लवंग तेलातील युजेनॉलचा उत्कलनबिंदू सुमारे २५४ अंश सेल्सिअस आहे, तर लिमोनीनचा सुमारे १७६ अंश; साध्या खोलीच्या तापमानाला युजेनॉल लिमोनीनच्या तुलनेत कित्येक पटींनी सावकाश उडते. वाळा, चंदन आणि पाचौली ही तेले सर्वांत चिवट असतात. पाचौलीतील मुख्य घटक शुद्ध रूपात तर ५६ अंश सेल्सिअसच्या आसपास वितळणारा स्थायू पदार्थ आहे. तो आपणहून उडून जाईल म्हणून वाट पाहणे व्यर्थ असते, तो धुऊनच काढावा लागतो.

निर्णयाच्या दृष्टीने याचा अर्थ असा की, निलगिरी किंवा संत्र्याचे तेल थोडेसे सांडले असेल, तर टिपणे, साबणाने धुणे आणि हवा खेळती ठेवणे यापलीकडे पैसे खर्च करू नयेत. लवंग, वाळा किंवा पाचौली सांडले असेल, तर मात्र पहिल्याच दिवशी कष्ट घ्यावेत, कारण काळ येथे आपल्या बाजूने नसतो.

पहिला तास: टिपण्याचे पदार्थ

ओल्या फडक्याने पुसणे ही आम्ही केलेली सर्वांत मोठी चूक होती. ही तेले पाण्यात विरघळत नाहीत. साध्या पाण्याच्या फडक्याने ती फक्त पसरतात, दोन हात जागेतले तेल सहा हात जागेवर जाते आणि फरशीच्या सांध्यांत शिरते. आधी जुनी वर्तमानपत्रे, टिपकागद किंवा सुती चिंध्या वरून दाबून तेल टिपावे, घासू नये. टिपलेले कागद घरातल्या कचऱ्याच्या डब्यात न टाकता पिशवीत घट्ट बांधून लगेच बाहेर न्यावेत.

त्यानंतर भुकटी पसरायची. येथे बेकिंग सोडा सर्वाधिक सुचवला जातो, पण आमच्या अनुभवात मुलतानी माती त्याहून सरस ठरली. बेकिंग सोड्याची ख्याती आम्लधर्मी वास मारण्यासाठी आहे. नासलेले दूध, घाम, आंबलेले अन्न यांच्या वासाला तो उपयोगी पडतो, कारण त्या वासांमागे आम्ले असतात. सिट्रोनेला किंवा निलगिरीतील घटक आम्लही नाहीत आणि अल्कलीही नाहीत. सोड्याची त्यांच्याशी कोणतीच रासायनिक क्रिया होत नाही. तो येथे केवळ कोरडी भुकटी म्हणून थोडे तेल शोषतो. मुलतानी माती हेच काम अधिक चांगले करते. लोकरीतील तेलकटपणा काढण्यासाठी अशी माती शतकानुशतके वापरली गेली आहे आणि तेल धरून ठेवणे हाच तिचा गुण आहे. जवळ मुलतानी माती नसेल तर लाकडाचा बारीक भुसा किंवा कोरडी बारीक माती चालते. बेसन तेल शोषते हे खरे, पण त्याचे कण सांध्यांत राहिले की पावसाळ्यात मुंग्या आणि बुरशी येते, म्हणून ते टाळावे.

भुकटी किमान चार तास, शक्य असल्यास रात्रभर ठेवून झाडूने गोळा करावी. कोटा किंवा शहाबादी फरशी असेल तर मुलतानी माती अगदी थोड्या पाण्यात कालवून तिचा घट्ट लेप डागावर द्यावा, वर प्लास्टिकचा कागद टाकून एक दिवस ठेवावा आणि मग कागद काढून लेप पूर्ण वाळू द्यावा. वाळताना लेप दगडात शिरलेले तेल थोडे थोडे वर ओढतो. व्हिट्रिफाइड टाइल पाणी अर्ध्या टक्क्याहूनही कमी शोषते, त्यामुळे टाइलसाठी लेपाची गरज नसते; तेथे दुखणे टाइलमध्ये नसून तिच्या सांध्यांत असते.

धुणे: साबण, सोडा, स्पिरिट आणि व्हिनेगर

व्हिनेगरचा निकाल आधी सांगतो, कारण सर्वांत जास्त लोक तेच सुचवतात. व्हिनेगर हे सौम्य आम्ल आहे आणि ते मासळी, लघवी यांसारख्या अल्कलीधर्मी वासांवर चालते. सुगंधी तेलावर त्याचा परिणाम जवळजवळ शून्य आहे. पाण्यासारखेच तेही तेलाला विरघळवत नाही. शिवाय संगमरवर, कोटा आणि शहाबादी हे चुनखडीचे दगड आहेत. व्हिनेगरने त्यांची चकाकी कायमची जाते. आम्ही ते दरवाज्याजवळच्या फरशीवर वापरले आणि वास तसाच राहून एक फिकट डाग तेवढा पदरी पडला. दुर्गंधी खाणारे म्हणून विकले जाणारे एन्झाइमयुक्त द्रवही येथे कामाचे नाहीत. ते प्रथिने आणि सेंद्रिय घाण यांवर चालतात, तेलातील या घटकांवर नाहीत.

साबण हा येथील खरा कामाचा माणूस आहे. भांडी घासण्याचा द्रव साबण तेलाचे बारीक कण पाण्यात अधांतरी धरतो आणि ते पाण्याबरोबर निघून जातात. एक बादली कोमट पाण्यात तीन-चार चमचे द्रव साबण घ्यावा, नायलॉनच्या ब्रशने सांधे घासावेत आणि पाणी फडक्याने लगेच उचलून मोरीत टाकावे. महत्त्व या उचलण्याला आहे. साबणाचे पाणी जमिनीवरच वाळू दिले, तर तेल पुन्हा त्याच जागी बसते. दर वेळी बादली बदलून हे तीनदा करावे. रिठ्याचे पाणीही याच तत्त्वावर चालते, पण द्रव साबणाइतके जोरकस नाही; साडी सोडून इतर साध्या रेशमी कापडासाठी मात्र ते सुरक्षित आहे.

साबणाला पूरक म्हणून धुण्याचा सोडा वापरावा की नाही, हे तेलावर ठरते. लवंग तेलाच्या बाबतीत त्याचे विशेष महत्त्व आहे. लवंगेतील युजेनॉल हे फिनॉल वर्गातील, अगदी सौम्य आम्लधर्मी संयुग आहे. बेकिंग सोडा त्याच्यावर क्रिया करण्याइतका तीव्र नसतो, पण धुण्याच्या सोड्याचे गरम पाणी त्याचा काही भाग पाण्यात विरघळणाऱ्या रूपात आणते. दातदुखीसाठी आणलेली लवंग तेलाची बाटली सांडली असेल, तर धुण्याचा सोडा आणि साबण ही जोडी इतर कोणत्याही उपायापेक्षा मी आधी निवडेन. सिट्रोनेला किंवा निलगिरीसाठी सोड्याचा असा वेगळा फायदा नाही. ॲल्युमिनियम, लोकर आणि रेशीम यांना हा सोडा लावू नये आणि हातमोजे घालावेत.

स्पिरिटची पाळी साबणानंतर येते. औषधांच्या दुकानात मिळणारे आयसोप्रोपिल अल्कोहोल किंवा सर्जिकल स्पिरिट सुगंधी तेलाला खरोखर विरघळवते. साबणाने न निघालेला पातळ थर काच, टाइल, स्टील, सनमायका यांवरून स्पिरिटने एका पुसण्यात निघतो. कापसाच्या बोळ्यावर घ्यावे, एकाच दिशेने पुसावे आणि दर हाताला बोळा बदलावा, नाहीतर विरघळलेले तेल दुसरीकडे लागते. याचे दोन तोटे मात्र गंभीर आहेत. पहिला आगीचा. स्पिरिटची वाफ हवेपेक्षा जड असते आणि जमिनीलगत पसरते. देवघरातील समई, डासांची कॉइल किंवा शेजारच्या स्वयंपाकघरातील गॅस पेटता असताना स्पिरिट हातातही घेऊ नये. दुसरा तोटा फर्निचरचा. जुन्या सागवानी कपाटांचे फ्रेंच पॉलिश म्हणजे स्पिरिटमध्ये विरघळवलेली चपडा लाख असते, आणि स्पिरिट लागताच ते पॉलिश सुटून चिकट होते. अशा लाकडावर पिळून घेतलेल्या साबणाच्या फडक्यावरच थांबावे. ऑइलपेंट आणि प्लास्टिक यांवर कोपऱ्यात थोडे लावून पाहावे. सांडलेले तेलही काही प्लास्टिक विरघळवते, विशेषतः संत्र्याचे तेल थर्मोकोलला अक्षरशः खाते, म्हणून खालची खोकी आणि पॅकिंग तपासून पाहावे.

वास येतो कोठून, हे शोधणे

साबण आणि स्पिरिट झाल्यावरही आमच्या खोलीत वास होता. फरशीला नाक लावून पाहिले तर काहीच कळत नव्हते, कारण दहा मिनिटांत नाक त्या वासाला सरावते आणि सगळीकडे सारखेच वाटते. तेव्हा एक साधी युक्ती कामी आली. रात्री झोपण्यापूर्वी स्टीलच्या सात वाट्या फरशीवर संशयाच्या सात जागी पालथ्या घातल्या आणि पलंगाच्या पायाला, कपाटाच्या खालच्या कडेला ॲल्युमिनियम फॉइलचे तुकडे चिकटपट्टीने सर्व बाजूंनी लावले. सकाळी बाहेर गॅलरीत दहा मिनिटे उभे राहून आत आलो आणि एकेक वाटी उचलून वास घेतला. फरशीवरच्या वाट्यांपैकी सहांखाली जवळजवळ काहीच नव्हते, भिंतीलगतच्या सांध्यावरील एका वाटीखाली थोडा होता. पलंगाच्या डोक्याकडील पायाचे फॉइल सोडताच मात्र वासाचा भपकारा आला. तो पाय प्लायवूडचा होता. बाजूला सनमायका असल्यामुळे बाहेरून काही दिसत नव्हते, पण जमिनीला टेकलेली कड उघडी होती आणि पहिल्या दिवशी आम्ही ओल्या फडक्याने ढकललेले तेल त्या कडेने टिपकागदासारखे वर ओढले गेले होते. पुढचा खर्च आणि श्रम कोठे करायचे, हे त्या एका सकाळी ठरले.

मुरलेले तेल: काढायचे, कोंडायचे की वस्तू बदलायची

प्लायवूड, एमडीएफ (लाकडाचे तंतू दाबून केलेली फळी) आणि न रंगवलेल्या लाकडात शिरलेले तेल पूर्ण काढता येत नाही. येथे दोन मार्ग उरतात. एक म्हणजे ती वस्तू मार्च ते मेच्या उन्हात पाच-सहा दिवस ठेवणे. तापमान वाढले की बाष्पीभवन झपाट्याने वाढते आणि खोलीत महिना लागेल ते काम गच्चीवर आठवड्यात होते. दुसरा म्हणजे तेल आत कोंडणे. यासाठी चपडा लाखेचे पॉलिश उत्तम आहे. पृष्ठभाग कोरडा झाल्यावर दोन हात दिले की लाखेचा थर वास अडवतो. पाण्यावर आधारित इमल्शन रंग हे काम करीत नाही, कारण त्याच्या थरातून हे घटक सहज बाहेर येतात; भिंतीला वास लागला असेल तर नुसता नवा रंग देणे म्हणजे पैसे वाया घालवणे. भिंतीला आधी लाखेचा किंवा तेलावर आधारित प्रायमर द्यावा आणि मग रंग. आम्ही पलंगाच्या पायाची कड साबणाने पुसून, तीन दिवस पंख्यापुढे वाळवून लाखेचे दोन हात दिले. त्यानंतर चौथ्या दिवशी खोलीत पहिल्यांदा मोकळा श्वास घेता आला.

गादीच्या बाबतीत आपल्याकडे एक सोय आहे, तिचा लोकांना विसर पडत चालला आहे. गादी कापसाची असेल तर अभ्रा धुवावा, कापूस पिंजून घ्यावा आणि दोन दिवस कडक उन्हात पसरावा. तेल लागलेला मूठ-दोन मूठ कापूस बाजूला काढून टाकता येतो आणि गादी नवी होते. पिंजारी शोधावा लागेल, पण तो खर्च नव्या गादीच्या तुलनेत फारच कमी आहे. फोमच्या गादीला हा मार्ग नाही. फोमच्या बारीक पोकळ्यांत गेलेले तेल साबणाने निघत नाही, पाणी आत राहून बुरशी धरते आणि स्पिरिट ओतणे धोक्याचे आहे. वरच्या दोन-तीन इंचांतच तेल असेल तर तेवढा थर कापून बदलता येतो. अर्धी बाटली फोममध्ये गेली असेल तर गादी टाकून द्यावी, असे मी स्पष्टपणे सुचवेन.

कपड्यांमध्ये सुती कापड सोपे आणि पॉलिएस्टर अवघड. पॉलिएस्टर तेलाला धरून ठेवते, म्हणून पडदे आणि टी-शर्ट धुण्यापूर्वी कोरड्याच डागावर भांड्यांचा द्रव साबण चोळून अर्धा तास ठेवावा आणि मग नेहमीप्रमाणे कोमट पाण्यात धुवावेत. तेलाचा वास गेला नसताना कपडे ड्रायरमध्ये किंवा इस्त्रीखाली घालू नयेत. पैठणी किंवा अन्य रेशमी साडीला घरी काहीच लावू नये. सावलीत, वाऱ्यावर चार दिवस टांगावी आणि वास राहिल्यास ड्रायक्लीनला द्यावी. ड्रायक्लीनमधील द्रावके तेल विरघळवण्यासाठीच असतात, त्यामुळे तेथे यश हमखास म्हणावे इतके मिळते. देताना डाग कोणत्या तेलाचा आहे हे सांगावे.

विदर्भ-मराठवाड्यात कूलरच्या पाण्यात वाळ्याचे किंवा अन्य तेल टाकण्याची पद्धत आहे. त्या तेलाचा वास नकोसा झाला, तर टाकी साबणाने धुऊन गवताच्या ताट्या बदलणे हाच उपाय आहे. ताट्या धुण्यात वेळ घालवू नये.

हवेसाठी: खिडकी, एसी, कोळसा, प्युरिफायर, ओझोन

साठा काढल्यावर किंवा कोंडल्यावरच या गटाचा विचार करावा. यांत स्वस्तात स्वस्त आणि सर्वांत प्रभावी उपाय वायुवीजन हाच आहे. दहा फूट लांब, दहा फूट रुंद आणि दहा फूट उंच खोलीत १००० घनफूट, म्हणजे सुमारे २८ घनमीटर हवा असते. तासाला २५० घनमीटर हवा बाहेर टाकणारा एक्झॉस्ट पंखा ती तासाला जवळजवळ नऊ वेळा बदलतो. हवा एकदा बदलल्याने आतली जुनी हवा पूर्ण जात नाही, कारण नवी-जुनी मिसळत राहते. एका बदलात सुमारे ६३ टक्के आणि तीन बदलांत सुमारे ९५ टक्के जाते. म्हणजे वीस मिनिटांत खोली मोकळी होऊ शकते. समोरच्या बाजूची खिडकी किंवा दार उघडे असणे मात्र आवश्यक आहे, नाहीतर पंखा नुसता फिरतो. एक्झॉस्ट नसेल तर टेबलफॅन खिडकीकडे तोंड करून, आतली हवा बाहेर जाईल असा ठेवावा आणि घराच्या इतर खोल्यांकडील दार बंद ठेवून विरुद्ध बाजूची खिडकी उघडावी. छताचा पंखा हवा बदलत नाही, ती फक्त ढवळतो. स्प्लिट एसीचेही तेच. तो खोलीतली हवाच पुन्हा पुन्हा फिरवतो आणि थंड खोलीत तेल आणखी सावकाश उडते. एसी लावून वास कमी वाटतो तो त्याचमुळे, आणि एसी बंद करताच तो परततो.

सक्रियित कोळसा, म्हणजे वास शोषण्यासाठी खास प्रक्रिया केलेला कोळसा, हा दुसऱ्या क्रमांकाचा उपाय आहे, पण जागा पाहून. नारळाच्या करवंटीपासून केलेल्या अशा कोळशाच्या एका ग्रॅममध्ये आतील सूक्ष्म पोकळ्यांचा पृष्ठभाग सुमारे १००० चौरस मीटर असू शकतो, आणि सुगंधी तेलांचे रेणू तो चांगले धरून ठेवतो. चुलीचा किंवा इस्त्रीचा कोळसा याच्या जवळपासही जात नाही. स्वस्त म्हणून तो वापरण्यात अर्थ नाही. अडचण अशी की पिशवीत बसलेला कोळसा हवा आपल्याकडे ओढून घेत नाही. कपाट, खण, बॅग, मोटारगाडी अशा लहान बंद जागेत २०० ग्रॅमची पिशवी आठवडाभरात स्पष्ट फरक दाखवते. मोठ्या खोलीच्या कोपऱ्यात ठेवलेल्या चार पिशव्या काहीच दाखवत नाहीत. कोकण-मुंबईच्या पावसाळ्यात हवेतील बाष्पच या पोकळ्या बऱ्याच अंशी अडवते, त्यामुळे जुलैत तिचा गुण निम्म्यावर आला असे समजावे. पिशवी उन्हात ठेवून पुन्हा नवी होते, असे वेष्टनावर लिहिलेले असते. उन्हाने तिच्यातील ओल जाते आणि थोडा वासही जातो, पण कोळसा खऱ्या अर्थाने पुन्हा सक्रिय करायला सुमारे ८०० अंश सेल्सिअसची भट्टी लागते. तीन-चार महिन्यांनी नवी पिशवी घेणे बरे.

एअर प्युरिफायर केवळ या कामासाठी विकत घेऊ नये. त्यातील हेपा गाळणी ०.३ मायक्रॉनचे ९९.९७ टक्के कण अडवते ही गोष्ट खरी आहे, पण वासाचे रेणू त्या कणांपेक्षा कितीतरी लहान, वायुरूप असतात आणि ते आरपार जातात. वासासाठी त्यात कोळशाचा थर हवा, आणि स्वस्त यंत्रांत तो कोळसा शिंपडलेल्या जाळीएवढाच असतो. घरात यंत्र आधीच असेल आणि त्यात कोळशाच्या दाण्यांची जाड गाळणी असेल, तर ते साठा काढल्यानंतरच्या दोन-तीन आठवड्यांसाठी, विशेषतः खिडकी उघडता येत नाही अशा पावसाच्या दिवसांत, उपयोगी पडते. सांडल्याच्या पहिल्या दिवशी ते लावू नये. गाळणी तेलाने भरून जाते आणि मग यंत्रच वास सोडू लागते. नवी गाळणी काही हजारांना पडते.

ओझोन सोडणाऱ्या यंत्रांबद्दल माझे मत ठाम आहे: राहत्या घरात, आणि त्यातही सुगंधी तेलासाठी, ती वापरू नयेत. लिमोनीन, पाइनीन, लिनालूल यांसारख्या सुगंधी तेलांतील घटकांशी ओझोनची क्रिया होते हे खरे, आणि म्हणूनच वास बदललेला वाटतो. पण त्या क्रियेतून फॉर्मल्डिहाइड हा विषारी वायू आणि फुप्फुसांत खोल जाणारे अतिसूक्ष्म कण तयार होतात. म्हणजे नाकाला त्रास देणारा पदार्थ जाऊन छातीला त्रास देणारा पदार्थ हातात येतो. अमेरिकेतील पर्यावरण संरक्षण संस्थेने घरातील ओझोन यंत्रांविरुद्ध स्पष्ट इशारा दिलेला आहे, आणि कॅलिफोर्नियात २००६ मध्ये झालेल्या कायद्यानुसार घरगुती हवाशुद्धी यंत्रांतून निघणाऱ्या ओझोनवर दशलक्ष भागांत ०.०५० भाग अशी मर्यादा घातलेली आहे. आमच्याकडे एका स्वच्छता सेवेच्या प्रतिनिधीने दोन तासांत वास घालवतो, असे सांगून हे यंत्र आणण्याची तयारी दाखवली होती. घरात दम्याचा रुग्ण आहे हे सांगितल्यावरही त्याने काही अडचण नाही असेच उत्तर दिले. आम्ही नकार दिला आणि तो निर्णय योग्य होता.

वासावर दुसरा वास चढवणारे उपाय, म्हणजे धूप, अगरबत्ती, कापूर, रूम फ्रेशनर, कापलेले लिंबू, यांवर फार लिहिण्याची गरज नाही. लिंबाच्या सालीत लिमोनीनच असते आणि कापूर हाही याच कुळातला पदार्थ आहे, त्यामुळे ते साठ्यात भर घालतात. कापडावर मारायच्या काही फवाऱ्यांत सायक्लोडेक्स्ट्रिन नावाचे, स्टार्चपासून केलेले संयुग असते. त्याच्या रेणूच्या पोकळीत वासाचे रेणू अडकतात. सोफ्याच्या कापडावर त्याचा थोडाबहुत उपयोग होतो, मात्र वेष्टनावर ते नाव आहे का ते पाहावे आणि सुगंधविरहित प्रकार मिळाला तरच घ्यावा.

कोणी काय निवडावे

भाड्याच्या घरात राहणाऱ्यांना भिंत किंवा लाकूड कोंडण्याचा निर्णय मालकाला विचारल्याशिवाय घेता येत नाही. त्यांनी मुलतानी माती, साबणाच्या तीन धुण्या आणि दिवसातून तीन वेळा वीस-वीस मिनिटांचे वायुवीजन यावर भर द्यावा, आणि कपाटात कोळशाच्या पिशव्या ठेवाव्यात. या सर्वांचा मिळून खर्च काही शेकड्यांत राहतो. स्वतःचे घर असेल आणि तेल पाचौली, वाळा किंवा लवंगेचे असेल, तर पहिल्या आठवड्यातच वाट्यांची चाचणी करावी आणि सुताराला बोलावून उघड्या कडांना लाख द्यावी. दोन महिने वाट पाहून हेच करावे लागते.

घरात तान्हे मूल, दमेकरी किंवा मांजर असेल तर निवड खर्चावर ठरवू नये. मांजराच्या यकृतात ही तेले पचवून बाहेर टाकण्याची क्षमता फार कमी असते आणि पंजांना लागलेले तेल ते चाटते. अशा घरात टिपणे होईपर्यंत आणि साबणाची पहिली धुणी वाळेपर्यंत खोली बंद ठेवावी, त्यांना दुसरीकडे हलवावे, आणि स्पिरिटचा वापर केल्यास त्याचा वास पूर्ण गेल्यावरच आत येऊ द्यावे. मुलाच्या तोंडात निलगिरीचे किंवा कापराचे तेल गेल्याची शंका आली तर उलटी करवू नये. बाटली बरोबर घेऊन थेट रुग्णालय गाठावे.

वास गेला की नाही, हे घरातल्या माणसांनी ठरवू नये. आमच्या खोलीत आई परतली ती पाहुणा म्हणून आलेल्या मावसभावाला काही न सांगता त्या खोलीत बसवून, खिडक्या तासभर बंद ठेवून आणि त्याला काहीही जाणवले नाही याची खात्री करून घेतल्यावरच. पलंगाच्या पायाचे फॉइल मी अजून दर महिन्याला एकदा लावून पाहतो. मार्चच्या उन्हाळ्यात पहिल्यांदा त्याला पुन्हा अगदी किंचित वास आला, तेव्हा लाखेचा तिसरा हात दिला.